गाळणीतून आलेली संहिता

मराठी समीक्षेला 'संहिता' हा शब्द फार प्रिय आहे. संहितेचे विखंडन झाले, लेखकाचा मृत्यू जाहीर होऊन गेला, वाचकाचा राज्याभिषेकही उरकला. या धामधुमीत संहिता पडद्यावरून कागदावर येते कशी, हा प्रश्न मात्र 'तांत्रिक' ठरवून संगणकवाल्याकडे सोपवला गेला. आमचा आक्षेप या सोपवण्याला आहे.

छपाईचा आदेश दिला की मजकूर थेट यंत्राकडे जात नाही. वाटेत त्याला गाळण्या लागतात. संगणकाच्या भाषेत फिल्टर. विंडोजच्या व्हिस्टा आवृत्तीपासून आलेल्या एक्सपीएस छपाईमार्गात हे फिल्टर म्हणजे डीएलएल जातीच्या लायब्ररी-फायली असतात. ड्रायव्हरसोबतच्या एका छोट्या फायलीत त्यांचा क्रम लिहिलेला असतो आणि एकीने पुढे सारलेले दुसरी उचलते. कोणी पानांचा क्रम बदलते, कोणी एका कागदावर दोन पाने बसवते, कोणी रंग जुळवते. शेवटची या सगळ्याचे प्रिंटरला कळेल अशा भाषेत रूपांतर करते. लिनक्स व मॅकवरील 'कप्स' या व्यवस्थेत तर प्रत्येक फिल्टरचा 'खर्च' आकड्यात मांडलेला असतो आणि अनेक वाटा असतील तर स्वस्तातली वाट निवडली जाते. भाषांतरांची अशी साखळी इतरत्र कुठे आढळली असती, तर आपण तिच्यावर दोन चर्चासत्रे सहज घेतली असती.

देवनागरीच्या बाबतीत ही साखळी निरुपद्रवी नाही. 'कि' हे अक्षर युनिकोडमध्ये साठवताना आधी 'क' आणि मग ऱ्हस्व वेलांटी येते. कागदावर वेलांटी आधी उमटते. हा क्रमबदल आणि जोडाक्षरांची जुळणी बहुधा फिल्टरच्या आधीच उरकते. पुढे जातात ते अक्षरांऐवजी फॉन्टमधील आकारांचे क्रमांक. त्या क्रमांकांवरून मूळ अक्षरांपर्यंत परतण्याचा नकाशा सोबत राहिला नाही, तर शेवटी नुसते आकार उरतात, आणि आकारांचे ठिपके झाले की तेही संपतात. कागदाचे याने काही बिघडत नाही. पण हल्ली 'छापा' म्हणजे कित्येकदा 'पीडीएफ करा' असे असते. अशा पीडीएफमधली एक ओळ उचलून दुसरीकडे डकवून पाहावी. वेलांट्या भलत्याच अक्षरांना चिकटतात, जोडाक्षरांच्या जागी चौकोन येतात, किंवा उचलण्याजोगे काही नसतेच.

विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २००९ च्या नियमांनी पीएच.डी.चे प्रबंध इलेक्ट्रॉनिक स्वरूपातही देणे बंधनकारक झाले आणि ते 'शोधगंगा'वर जमू लागले. वर्षानुवर्षे खपून लिहिलेला मराठी प्रबंध या वाटेने तिथे पोचला, तर तो डोळ्यांना वाचता येतो; पण त्यात 'विंदा' हा शब्द शोधला तर एकही जागा सापडत नाही. संशोधनासाठी लिहिलेले संशोधनालाच बंद झाले, आणि कोणाची तक्रारही नाही.

यावर कोणी म्हणेल की खिळे जुळवणारा कंपोझिटरही चुका करीतच असे. करीत असे. पण त्याच्या चुकांसाठी प्रुफे होती, मुद्रितशोधक होता, अगदी शेवटी शुद्धिपत्र होते. तो माणूस होता आणि त्याला जाब विचारता येत असे. डीएलएलला काय विचारणार? ती यंत्रभाषेत बांधलेली आणि बहुतेक वेळा करारनाम्याने कुलूपबंद असते.

हे कुलूप जुने आहे. १९८० च्या सुमारास एमआयटीच्या प्रयोगशाळेतील रिचर्ड स्टॉलमन यांना लेझर प्रिंटरच्या आज्ञावलीत एवढीच सुधारणा करायची होती, की कागद अडकला तर वापरणाऱ्यांना तसा निरोप मिळावा. मूळ आज्ञावली ज्याच्याकडे होती त्याने गुप्ततेच्या कराराकडे बोट दाखवले. १९८३ साली त्यांनी मुक्त सॉफ्टवेअरची 'ग्नू' योजना जाहीर केली. तिच्यामागची कहाणी सांगताना ते या नकाराचा उल्लेख करीत आले आहेत.

तरीही खुलेपणाची आरती ओवाळून आम्ही थांबणार नाही. कप्सचे फिल्टर खुले आहेत. २०२३ मध्ये त्यांची पुनर्रचना होऊन ते 'लिबकप्सफिल्टर्स' या लायब्ररीत आले. असे असूनही सप्टेंबर २०२४ मध्ये गाजावाजा झाला तो 'फूमॅटिक-रिप' या जुन्या फिल्टरचा. प्रिंटरच्या वर्णनफायलीत लिहिलेली आज्ञा तो मुकाट चालवीत असे आणि अन्य त्रुटींची साथ मिळाली तर परक्याला त्यातून संगणकात शिरता येत असे. मजकूर सर्वांसमोर होता. वाचणारे कमी पडले. वाचकाविना संहितेचे काय होते हे साहित्याच्या विद्यार्थ्यांना आम्ही नव्याने सांगायला नको.

आमच्या मागण्या साध्या आहेत. प्रबंधाच्या पीडीएफसोबत विद्यापीठांनी युनिकोडमधील मूळ मजकूरही मागून घ्यावा. पीडीएफ स्वीकारण्यापूर्वी मार्गदर्शकांनी त्यातला एक परिच्छेद उचलून पाहावा. याला मिनिटभर लागते. आणि पाठचिकित्सा शिकवताना पोथी उतरवणाऱ्या लेखनिकाबरोबर फिल्टरचाही विचार व्हावा. ज्ञानेश्वरीच्या पोथीत कोणाच्या हातून काना गळला यावर आपण पिढ्यानपिढ्या वाद घातले आहेत. स्वतःच्या प्रबंधातल्या वेलांट्या कुठे गेल्या, एवढे तरी विचारायला हरकत नसावी.