शिमिझूंची मुलं पडद्यावर आणू या

कुरोसावा, ओझू, मिझोगुची ही नावं आपल्या फिल्म सोसायट्यांना घरची आहेत. हिरोशी शिमिझू मात्र जुन्याजाणत्या सभासदांनाही चटकन आठवत नाहीत. ओझूंचे मित्र, त्यांच्याच वयाचे, दोघांचाही जन्म १९०३चा. शिमिझूंनी दीडशेहून जास्त चित्रपट केले. त्यांतले बरेचसे मूकपट कायमचे गेले. उरलेले तरी आपण बघायला नकोत का?

माझा सगळा जीव त्यांच्या १९४८च्या 'मधमाश्यांच्या पोळ्यातली मुलं' या चित्रपटात अडकला आहे. युद्धानंतर शिमिझूंनी रस्त्यावरची अनाथ मुलं आपल्याकडे आणून सांभाळली, स्वतःची कंपनी काढली, पटकथा लिहिली आणि त्याच मुलांना कॅमेऱ्यासमोर उभं केलं. व्यावसायिक नट नाहीत, स्टुडिओतला सेट नाही. युद्धावरून परतलेला, घरदार नसलेला एक सैनिक शिमोनोसेकी स्टेशनावर या पोरांना भेटतो आणि मिळेल ते काम करत सगळे पायी निघतात. वाटेत हिरोशिमाचे भग्न अवशेष लागतात. चित्रपटाच्या सुरुवातीलाच प्रेक्षकांना विचारलेलं आहे, यांतलं कुणी मूल तुमच्या ओळखीचं आहे का? ती मुलं खरोखरच कुणाची तरी हरवलेली होती.

योशिबो नावाच्या आजारी पोराची आई समुद्रात गेली आहे. त्याला समुद्र पाहायचाय. दुसरा मुलगा त्याला पाठुंगळी घेऊन डोंगर चढू लागतो. धापा टाकतो, घसरतो, पुन्हा उठतो. शिमिझू घाई करत नाहीत. लांबून, उन्हात, ती चढण आपल्याला जवळजवळ पूर्ण चढायला लावतात. माथ्यावरून समुद्र दिसतो, तेव्हा पाठीवरचं पोर गेलेलं असतं. बालमृत्यूचं इतकं संयमी चित्रण मी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

२००९ साली अमेरिकेत त्यांच्या चार चित्रपटांचा डीव्हीडी संच निघाला, पण चारही युद्ध संपण्यापूर्वीचे. मोठ्या स्टुडिओच्या पाठबळाशिवाय केलेलं हे काम त्यात नाही. फिल्म नुसती डब्यात राहिली की काय होतं, हे पुण्याला वेगळं सांगायला नको. २००३च्या जानेवारीत इथल्या नायट्रेट फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि प्रभातच्या काळातला केवढा तरी ठेवा जळून गेला.

म्हणून हे कळकळीचं मागणं. फिल्म सोसायट्यांनी या वर्षी एक संध्याकाळ शिमिझूंना द्यावी. टोकियोच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला आणि जपान फाउंडेशनच्या दिल्ली कार्यालयाला पत्रं लिहून प्रतीची आणि प्रदर्शनाच्या हक्कांची चौकशी करावी. पुण्यात जपानी शिकणाऱ्यांची मोठी फळी आहे. त्यांनी मराठी उपशीर्षकं करायचं मनावर घ्यावं; पोरांची बोली साधी आहे, जमेल. आणि सभासदांनो, पुढच्या सभेत हा विषय तुम्हीच मांडा. एकट्यानं मागितलं तर कार्यकारिणी 'बघू' म्हणेल, म्हणून सह्या गोळा करूनच जा.