पुलाचा कठडा

उज्जैनहून बडनगरकडे जाणाऱ्या रस्त्यावरील शिप्रेच्या पुलावरून 6 सप्टेंबर 2025 च्या रात्री पोलिसांची मोटार पुराच्या पाण्यात कोसळली आणि कामगिरीवर निघालेले तीन पोलीस, त्यांत एक महिला, प्राणांस मुकले. पुलाला त्या वेळी कठडा नव्हता. राणोजी शिंद्यांचे दिवाण रामचंद्रबाबा सुखटणकर यांनी अठराव्या शतकात महाकालेश्वराच्या मंदिराचा जीर्णोद्धार केला, तेव्हापासून त्या नगरीशी आमच्या किनारपट्टीचे नाते जडलेले आहे. 2028 च्या सिंहस्थास आमच्याकडील यात्रेकरूही त्याच नदीवर जातील. तेव्हा हा प्रश्न परमुलखातला म्हणून सोडून देता येत नाही.

बुटक्या पुलांचे कठडे पावसाळ्यात काढून ठेवण्याची रीत जुनी आहे. पुराचे पाणी पुलावर चढले की ओंडके, झुडपे कठड्यांत अडकतात, पाण्याचा दाब वाढतो आणि पूलच धोक्यात येतो. परंतु कठडा काढला तर रस्ताही बंद करावयास हवा, निदान रात्रीचा. पूल वाचविण्याचा विचार होतो. पुलावरून जाणाऱ्याचा विचार कोणी करावयाचा?

आम्हां गोमंतकीयांना इतरांस शहाणपण शिकविण्याचा अधिकार फारसा नाही. 5 जुलै 1986 रोजी मांडवीवरील पूल कोसळला, तेव्हापासून आम्ही पुलाच्या खांबांकडे संशयाने पाहावयास शिकलो. 1983 मध्ये खुल्या झालेल्या जुन्या झुआरी पुलावर अवजड वाहनांना वर्षानुवर्षे मज्जाव होता. वजनाची चिंता सर्वांस होती, कठड्याची कोणास नव्हती. जुलै 2022 मध्ये त्याच पुलाचा कठडा तोडून एक मोटार नदीत गेली आणि चौघांचा अंत झाला. तेथे तर पाणी पुलाच्या कितीतरी खाली. कठडा काढून ठेवण्याचे कारणच नव्हते. तो जागेवर होता, पण मोटार अडविण्याइतका भक्कम नव्हता. अशा प्रसंगी चालकाच्या वेगाकडे बोट दाखविले जाते. वेग असेलही, परंतु सावध चालकाला कठड्याची गरज पडतेच कुठे? चूक करणाऱ्यासाठीच तो बांधावयाचा असतो.

मध्य प्रदेश शासनाने सिंहस्थापूर्वी बिनकठड्याच्या प्रत्येक पुलाच्या दोन्ही टोकांस फाटक व पहारेकरी ठेवावा. आमच्या सार्वजनिक बांधकाम खात्याने दर वर्षी मिरगापूर्वी पुलांचे कठडे तपासून त्यांचा अहवाल वृत्तपत्रांतून प्रसिद्ध करावा. जो कठडा मोडला असेल, तेथे दोरी व लाल फडके बांधून भागणार नाही.