सोबत कोण आहे?



या अंकाची निम्मी जुळवाजुळव मी विदर्भ एक्स्प्रेसमध्ये केली. नागपूरचं शिबिर आटोपून एकटीच परतत होते. बडनेरा यायच्या आत समोरच्या आजींनी विचारलं, "सोबत कोण आहे, बाई?" कुणी नाही म्हटल्यावर, "मग न्यायला तरी येतील ना कोणी?" विचारण्यात खोच नव्हती, काळजीच होती. पण मी उत्तर जुळवत राहिले. आजारपण, बाळंतपण, लग्न, मयत या कारणांसाठी बाई एकटी गाडीत बसली तर चालतं. तिला स्वतःला जावंसं वाटलं, हे कारण आपल्याकडे कारणच नव्हे. शिबिरात मी विचारलं होतं, असं कामाशिवाय कोण निघाली आहे? एकच हात वर आला, तोही अर्धा.

'एकटी' या शब्दाचा अर्थ काय, हे रात्रभर डोक्यात घोळत होतं. १९८९ च्या रेल्वे कायद्यातलं कलम १३९ आठवलं. विनातिकीट प्रवाशाला गाडीतून उतरवता येतं; पण बाईबरोबर पुरुष प्रवासी नसेल, तर ती जिथे चढली तिथे, जंक्शनवर, शेवटच्या स्टेशनवर किंवा जिल्ह्याच्या ठिकाणीच, आणि तेही दिवसाच. तरतूद उपयोगाची आहे, पाठ करून ठेवा. (रेल्वेच्या मदतीच्या फोनचा नंबरही योगायोगाने १३९च आहे.) पण भाषा बघा! एकटी म्हणजे पुरुष बरोबर नसलेली. आपण दहाजणी एका डब्यात गाणी म्हणत निघालो तरी कायद्याच्या हिशेबी एकट्याच. आणि पुरुष बरोबर असला की हे संरक्षण संपलं, मग तो कसा का असेना.

आपल्या केंद्रावर येणाऱ्या कितीतरीजणी रात्रीची गाडी धरून येतात. कडेवर पोर, हातात एक पिशवी, तिकीट असतंच असं नाही. ज्याच्या मारहाणीतून त्या निघाल्या, तोच घरच्यांच्या लेखी त्यांची 'सोबत' असतो. त्यांना विचारा, कधी जास्त एकटं वाटलं, घरात की गाडीत?

माझ्यापुरतं सांगायचं तर भुसावळनंतर मला झोपच आली नाही, आणि त्याचं वाईटही वाटलं नाही. कुणाचा डबा भरायचा नव्हता, कुणाला औषध द्यायचं नव्हतं. आपण या कामात कशासाठी आहोत, हा प्रश्न बैठकीत वेळेअभावी नेहमी मागे पडतो. तो तिथे निवांत पुढ्यात बसला. उत्तर पूर्ण मिळालं असं नाही.

पुढचा अंक प्रवासावर काढावा म्हणते. तुमच्या एकटीच्या प्रवासाबद्दल लिहून पाठवा. पोस्टकार्डावर मावेल एवढंही चालेल.