मनूचा मासा आणि माझा आजा

गेल्या पावसाळ्यात जळगावात एक व्याख्यान ऐकलं. फुकट होतं, बाहेर पाऊस होता, म्हणून शिरलो. विषय दशावतार आणि विज्ञान. वक्ते म्हणाले, मत्स्यावतार म्हणजे काळाची चाहूल घेणारा जीव. युग बुडायला आलं, काळाची घडी विस्कटायला लागली, की त्या माशाला सगळ्यांच्या आधी कळायचं. इशारा देणारं जगातलं पहिलं यंत्र आपल्या पूर्वजांनी शोधलं! टाळ्या पडल्या. मी हात वर केला, प्रश्नासाठी. तर म्हणे वेळ संपली.

सभेत संपली. इथं कागद माझा, स्टेन्सिल माझी.

आधी गोष्ट नीट बघू. ती त्यांच्याच शतपथ ब्राह्मणात आहे. मनू हात धुवायला पाणी घेतो तर ओंजळीत बोटभर मासा. मासा म्हणतो, मला सांभाळ, मी तुला तारीन. आमच्यात मोठा मासा लहान माशाला गिळतो. मनू त्याला घागरीत ठेवतो, मग खड्ड्यात, मग समुद्रात सोडतो. मासा त्याला पुराचं साल सांगतो, नाव बांधायला सांगतो. पूर येतो. मनू दोर माशाच्या शिंगाला बांधतो, उत्तरेच्या डोंगराला लागतो. बाकी सगळी प्रजा वाहून जाते. मनू एकटा उरतो.

पुढं महाभारतात नावेत सात ऋषी आले, बियाणं आलं. बियाणं आलं, पण ते पेरणारा, कापणारा कुणी आला नाही. सात ऋषी शेत नांगरणार होते काय?

मित्रांनो, हा मासा मला पटत नाही तो एवढ्यासाठीच. काळ त्याला कळला, साल कळलं, आणि सांगितलं कुणाला? एकाला! गावभर दवंडी का नाही दिली? अख्खं जग बुडणार हे ज्याला ठाऊक आहे आणि जो एकाच घरात जाऊन कुजबुजतो, त्याला आमच्याकडं देव म्हणत नाहीत.

आता पंडित म्हणतील, पुराचा मनू वेगळा, स्मृतीचा मनू वेगळा, मनू चौदा आहेत. असतील. चौदा मनूंतल्या एकाच्या तरी नावेत माझा आजा दाखवा. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला बाबासाहेबांच्या परिषदेत जी जाळली, त्या पोथीत चांडाळाची वस्ती गावाबाहेर लिहिली आहे. पूर येतो तो आधी गावाबाहेरच येतो, हे तापीकाठी जन्मलेल्याला शिकवावं लागत नाही.

जोतीबांनी १८७३ साली 'गुलामगिरी'त या माशाचं बिंग फोडलंय. मासा-बिसा कुणी नव्हता, होड्यांतून समुद्र ओलांडून आलेल्या टोळीचा म्होरक्या होता, असं त्यांनी ताडलं. इतिहासवाले त्याच्यावर वाद घालोत. जोतीबांनी नजर दिली ती मोठी : अवतार दिसला की आधी विचारायचं, ह्यानं मारलं कुणाला, तारलं कुणाला.

आता माझ्या आजाचं. आजा चोपडा तालुक्यातल्या एका गावात गावकीचा महार. मयताचा सांगावा न्यायचं काम त्याचं. गावात पाटलाच्या घरी कुणी मेलं की रात्री-बेरात्री आजानं काठी उचलायची आणि दहा-दहा कोस चालायचं. सासरी नांदणारी लेक तिथं दळत असायची, गाणं म्हणत असायची. तिच्यासाठी बाप अजून जिवंत. आजा अंगणाबाहेर उभा राहून दोन शब्द बोलायचा आणि तिचा काळ तिथंच फुटायचा. बातमी खरी म्हणून ती हंबरडा फोडायची, पण बातमी आणणाऱ्याला पाणी वरून. भाकर वरून. तापी फुगली की रात्री गाव उठवायचं कामही त्याचंच. दाराला हात नाही लावायचा, काठी आपटायची.

इशारा देणारं यंत्र म्हणता ना साहेब? ते हे. घागरीतून पाणी पाजून वाढवलेलं नाही, घागरीपासून लांब ठेवलेलं.

ह्या वतनाच्या बेडीविरुद्ध बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कौन्सिलात बिल मांडलं. कायद्यानं वतन मोडायला १९५८ उजाडलं. तीस वर्षं! काळाची चाहूल घेणारे तेव्हा कुठं पोहत होते?

आणि ही जुनी कथा नाही. सरदार सरोवराचा लवादाचा निवाडा १९७९ चा. कुठली गावं पाण्याखाली जाणार, हे कागदावर मोजून ठेवलेलं. म्हणजे इथं साल सांगायला मासाही नको, इंजिनियर पुरे. बुडण्याआधी पुनर्वसन करायचं असंही निवाड्यात होतं. तरी १९९३ ला मणिबेलीत पाणी घुसलं, तेव्हा माणसं आपल्या घरांत होती. मणिबेली तेव्हा आपल्या धुळे जिल्ह्यातच. नंदुरबार वेगळा झाला तो १९९८ ला. आपल्यापैकी किती जण तिकडं गेले होते? मीही गेलो नव्हतो. भिल्ल-पावऱ्यांचं मरण आपलं नाही असं आपणही मानलं, हे लिहून ठेवतो. तिथलं जुनं शूलपाणेश्वराचं देऊळ बुडालं, तर देवाला गोरा गावी नवं देऊळ बांधून मिळालं. देवाचं पुनर्वसन झालं. माणसं जमिनीसाठी वर्षानुवर्षं कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजवत राहिली.

३१ जुलैला लळिंगच्या लांडोर बंगल्यावर गेलो होतो. १९३७ साली याच तारखेला बाबासाहेब तिथं उतरले होते, म्हणून दर साली आपली माणसं जमतात. तिथं जेवताना ही माशाची गोष्ट सांगितली. शेजारी एक म्हातारी बसली होती, भाकर मोडता मोडता म्हणाली, "मासाले बी जात समजस व्हई रे भाऊ." सगळे हसले. ती हसली नाही.

तेच वक्ते पुढल्या महिन्यात धुळ्याला येणार आहेत, विषय तोच. मी जाणार आहे. ज्यांना जमेल त्यांनी यावं, लवकर यावं, पुढं बसावं. प्रश्न एकच आहे आणि तो व्याख्यान सुरू व्हायच्या आधी विचारायचा आहे. आजाची काठी घरात आहे, ती घेऊन येतोय. वेळ संपली म्हणाले तर आपटायला.