नीट काढलेल्या हाताचा गुन्हा

मुंबईचे चित्रकार वासुदेव कामत यांना २००६ साली अमेरिकेतील पोर्ट्रेट सोसायटीचा 'ड्रेपर ग्रँड प्राइझ' हा पुरस्कार मिळाला. चित्राचा विषय कोणी सम्राट नव्हता की सिनेतारका नव्हती. होती ती चित्रकाराची सहधर्मचारिणी. परदेशी परीक्षकांना त्या मुद्रेतील भाव कळला, दुभाष्या लागला नाही. आपल्याकडील स्वयंघोषित कलाधुरीणांपाशी मात्र अशा चित्रकलेसाठी तीनच शब्द आहेत : 'अकॅडमिक', 'इलस्ट्रेशन' आणि 'कॅलेंडर'. मनुष्याचा हात नीट काढता येणे हा जणू गुन्हाच! (ज्यांना तो येत नाही, त्यांची या न्यायाने उत्तम सोय झाली.)

हा न्याय आला कोठून? पश्चिमेत यथार्थदर्शी शैलीविरुद्ध बंड झाले, त्याला तेथील कारणे होती. ते येथे आयात करताना येथील परंपरेची विचारपूस कोणी केली? यशोधराने कामसूत्रावरील टीकेत सांगितलेल्या चित्राच्या षडंगांत प्रमाण आणि भाव एकाच पंक्तीत बसतात. विष्णुधर्मोत्तर पुराणातील चित्रसूत्रात मार्कंडेय मुनी वज्र राजाला सांगतात की, नृत्य जाणल्यावाचून चित्र कळणे कठीण. कारण उघड आहे. मनातील दुःख खांद्याच्या उतारात दिसते, बोटांच्या मिटण्यात दिसते. ते रेखाटायचे तर देह जाणावा लागतो. अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यातील पद्मपाणीची करुणा त्याच्या झुकलेल्या मानेत आणि अर्धोन्मीलित नेत्रांत आहे. हिंदूंना देहाचे वावडे आहे, असे म्हणणाऱ्या पुरोगाम्यांनी हेही सांगावे, की देहाची मोडतोड केली तरच वेदना व्यक्त होते, हा हट्ट कोणाचा?

या हट्टापायी एक अख्खी परंपरा अडगळीत गेली. जे.जे. कलाशाळेचे संचालकपद भूषविणारे पहिले भारतीय म. वि. धुरंधर १९४४ साली निवर्तले. त्यांच्या कार्याचा समग्र आढावा घेणारे प्रदर्शन मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात भरले, ते २०१८ साली!

२२ जानेवारी २०२४ रोजी अयोध्येत ज्या रामलल्लाची प्राणप्रतिष्ठा झाली, त्या मूर्तीला आधार होता कामतांच्या पेन्सिल-रेखाटनाचा. मूर्ती घडविली म्हैसूरच्या अरुण योगीराज यांनी. पाच वर्षांच्या बालकाचे कोवळे अंग आणि मुखावर विश्वाला अभय देणारे स्मित, हा मेळ घालणे किती दुष्कर! त्या रेखाटनाची कला म्हणून चर्चा किती समीक्षकांनी केली? २०२५ साली शासनाने कामतांना 'पद्मश्री' दिली. समीक्षेचे मौन ही आता समीक्षकांचीच अडचण आहे.

मात्र सारा दोष त्यांच्याच माथी मारून आपली सुटका नाही. आपल्या कार्यक्रमांत चित्रकाराची आठवण होते ती रांगोळी आणि व्यासपीठामागचा पडदा यांपुरती, आणि मानधनाचा विषय निघाला की 'कार्य आपलेच आहे' हे उत्तर तयार असते. लाखांची सजावट केलेल्या दिवाणखान्यात छापील धबधबा टांगणारी कुटुंबेही आपलीच आहेत. आजी-आजोबांचे व्यक्तिचित्र एखाद्या होतकरू चित्रकाराला समोर बसवून काढून घ्यावे, असे त्यांतील किती जणांना सुचते?