नटीची प्रस्तावना

संस्कृत नाटकाच्या प्रस्तावनेंत नटी येते ती नटी म्हणूनच. ‘शाकुन्तला’च्या आरंभीं सूत्रधार तिला ग्रीष्म ऋतूवर गावयास सांगतो, ती गाते, आणि मग नाटक सुरू झालें कीं स्वतः म्हणून ती पुन्हां दिसत नाहीं. कमलाबाई गोखले यांच्या बाबतींत हा क्रम अगदीं उलटा झाला.

१९१३ सालीं दादासाहेब फाळके यांनीं ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणिला. तारामतीसाठीं स्त्री मिळेना, म्हणून तें काम साळुंके नांवाच्या पुरुषाकडून करवून घ्यावें लागलें. त्याच वर्षीं ‘मोहिनी भस्मासुर’ या चित्रपटासाठीं दुर्गाबाई कामत पुढें झाल्या. त्या पार्वती, आणि त्यांची कोवळ्या वयाची कन्या कमला ती मोहिनी! भारतीय पडद्यावर स्त्रियांनीं पाऊल ठेविलें तें असें. आपल्या पांढरपेशा घरांतून तेव्हां नाटकांतलीं पदें हौसेनें गुणगुणत. पण तीं रंगभूमीवर गाणाऱ्या बाईस हळदीकुंकवास बोलावावयास कचरत, हें वाचकांनीं ध्यानांत घ्यावें.

पुढें कमलाबाईंचा विवाह रघुनाथराव गोखले यांच्याशीं झाला. परंतु ऐन तारुण्यांत वैधव्य आलें. पदरीं तीन मुलगे. बाईंनीं तोंडाचा रंग पुसला नाहीं, आणि त्याच कमाईवर मुलें वाढविलीं. त्यांपैकीं चंद्रकांत पुढें नामांकित नट झाले. विक्रम गोखले हे त्यांचेच पुत्र. बाईंनीं रंगभूमीवर पुरुषवेषही घेतले, आणि १९८० च्या ‘गहराई’पर्यंत चित्रपटांतून कामें केलीं. पण तीं सारीं कामें दुसऱ्या कुणाचीं.

स्वतःचें काम मिळालें तें नव्वदीच्या उंबरठ्यावर. पुण्याच्याच चित्रपट संस्थेंत शिकलेल्या रीना मोहन यांनीं त्यांच्यावर ‘कमलाबाई’ हा माहितीपट केला. १९९० नंतर लौकरच तो पुरा झाला, व त्यास राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. त्यांत बाई कोणाचें सोंग घेत नाहींत. आपल्या घरीं बसून जुन्या आठवणी सांगतात, जुन्या नाटकांतलीं भाषणें म्हणून दाखवितात. आपण असल्या म्हाताऱ्या माणसाचें बोलणें जेवणापूर्वींची करमणूक म्हणून ऐकतों. येथें मात्र गोष्ट निराळी आहे. ‘मोहिनी भस्मासुर’ची प्रत आज उपलब्ध नाहीं. ती मोहिनी कशी होती हें आपल्या अनुभवानें सांगणारें माणूस एकच उरलें होतें. तेंही पुढें गेलें.

माहितीपट तासाभराहूनही कमी लांबीचा आहे. आम्हांस तो फारच आखूड वाटला.