व्याजोक्ती : गृहकर्जाच्या संहितेचे एक वाचन

साहित्याच्या विद्यार्थ्याला 'व्याज' हा शब्द प्रथम भेटतो तो अलंकारांच्या यादीत. व्याजस्तुती आणि व्याजोक्ती या दोन्ही नावांत व्याज म्हणजे निमित्त, बहाणा, सोंग. व्याजस्तुतीत निंदेच्या मिषाने स्तुती होते किंवा स्तुतीच्या मिषाने निंदा. व्याजोक्तीत उघडी पडू पाहणारी गोष्ट दुसरेच कारण पुढे करून झाकली जाते. पुढे हाच विद्यार्थी कुठल्यातरी महाविद्यालयात अध्यापक होतो, घराच्या शोधात निघतो, आणि तोच शब्द त्याला बँकेतल्या टेबलावर दुसऱ्या अर्थाने भेटतो. हे दोन अर्थ एकमेकांपासून आपण समजतो तितके दूर नाहीत, असे आमचे मत आहे. गृहकर्ज आज ज्या भाषेत आपल्यापुढे मांडले जाते ती भाषा मुळात व्याजोक्तीची आहे. तीत रक्कम पुढे केली जाते आणि काळ झाकला जातो. ही गोष्ट केवळ हिशेबनिसांवर सोडून देण्यासारखी नाही, कारण प्रश्न जितका आकड्यांचा आहे तितकाच वाचनाचा आहे.

मराठी मध्यमवर्गात घराच्या चर्चेतला मध्यवर्ती प्रश्न ठरलेला असतो : हप्ता किती बसतो? घर केवढ्याला पडते, हे त्यानंतर कधीतरी येते. कर्ज फिटेपर्यंत एकूण किती जाईल, हे बहुधा येतच नाही. 'हप्ता' हा शब्द फारसीतून आला. मूळ अर्थ सात दिवसांचा काळ, आठवडा. मराठीत तो ठरावीक मुदतीने द्यायच्या रकमेचे नाव झाला. काळाचे माप पैशाचे माप झाले आणि शब्दातला काळ निघून गेला. 'मासिक हप्ता' या शब्दप्रयोगातली विसंगती आता कोणाच्या कानाला खटकत नाही. मॉर्गेज हा इंग्रजी शब्द जुन्या फ्रेंचमधून आला आहे. त्याचा अक्षरशः अर्थ 'मेलेले तारण'. त्या शब्दात निदान एक धोक्याची सूचना शिल्लक होती. आपला 'हप्ता' अगदी निरुपद्रवी वाटतो.

आता प्रत्यक्ष संहितेकडे वळू. ५० लाख रुपयांचे कर्ज, व्याजाचा दर वार्षिक ८.५ टक्के, मुदत २० वर्षे. मासिक हप्ता येतो ४३,३९१ रुपये. दर बदललाच नाही असे धरले, तर २४० हप्त्यांत एकूण सुमारे १ कोटी ४ लाख १४ हजार रुपये भरले जातात. त्यांतले ५४ लाख १४ हजार व्याजाचे. घेतले त्याच्या दुपटीहून अधिक परत केले, हा झाला ढोबळ निष्कर्ष. परंतु संहितेचा खरा आशय एकूण बेरजेत नसून तिच्या रचनेत आहे.

परतफेडीचे वेळापत्रक म्हणजे २४० ओळींचा तक्ता. त्यात हप्त्याचा स्तंभ ध्रुवपदासारखा असतो. प्रत्येक ओळीत तोच आकडा. बदलतात ते शेजारचे दोन स्तंभ, व्याज आणि मुद्दल. पहिल्या ओळीत ४३,३९१ पैकी ३५,४१७ रुपये व्याज आणि फक्त ७,९७४ रुपये मुद्दल. याचे कारण साधे आहे. प्रत्येक महिन्याचे व्याज त्या वेळी शिल्लक असलेल्या मुद्दलावर लागते, आणि आरंभी जवळजवळ सगळेच मुद्दल शिल्लक असते. पाच वर्षांत कर्जदार २६ लाख रुपये भरून चुकलेला असतो, पण मुद्दल कमी झालेले असते ते ६ लाखांनाही थोडे कमीच. मुद्दलाचा वाटा व्याजाहून मोठा होतो तो १४३व्या हप्त्यात, म्हणजे बारावे वर्ष सरता सरता. निम्मे कर्ज फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. ध्रुवपद स्थिर राहते आणि त्याच्या आड हे सगळे हळूहळू घडत असते. हप्त्याची ओळख करून देताना 'समान' हे विशेषण आवर्जून लावले जाते, आणि ते खोटेही नाही. मात्र ते समानता दाखवते तीच मुळी फरक झाकण्यासाठी. व्याजोक्तीचे याहून चोख उदाहरण काव्यशास्त्राच्या पाठ्यपुस्तकातही सापडणे कठीण.

मुदत वाढवण्याच्या सल्ल्यात हाच अलंकार पुन्हा येतो. हेच कर्ज ३० वर्षांचे केले तर हप्ता ३८,४४६ रुपयांवर येतो. महिन्याला ४,९४५ रुपयांची सोय झाली, असे सांगितले जाते. त्या सोयीची किंमत म्हणजे सुमारे ३४ लाख २७ हजार रुपयांचे अधिक व्याज. उलट मुदत १५ वर्षांची केली तर हप्ता ४९,२३७ होतो. महिन्याला ५,८४६ रुपये अधिक जातात आणि व्याजाचे सुमारे १५ लाख ५१ हजार वाचतात. पहिल्या वर्षाच्या अखेरीस एक लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तसाच ठेवला, तर शेवटचे ११ हप्ते गळून पडतात. म्हणजे आजच्या एका लाखाने वीस वर्षांच्या टोकाचे ४ लाख ७७ हजार रुपये टळतात. बदलत्या दराच्या गृहकर्जावर असे जादा पैसे भरणाऱ्या व्यक्तीकडून बँकांनी दंड घेऊ नये, असे रिझर्व्ह बँकेने जून २०१२ मध्येच ठरवून दिले आहे. ही वाट कायद्याने मोकळी आहे, पण 'हप्ता किती बसतो' या प्रश्नाच्या उत्तरात ती दिसत नाही.

कर्जाचा कागद वाचता न येण्याचा प्रश्न या भूमीला नवा नाही. मे १८७५ मध्ये पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी उठाव केला, तो पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांतल्या अनेक गावांत पसरला. इतिहासात तो दख्खनचे दंगे म्हणून ओळखला जातो. माणसांवर हात उचलण्यापेक्षा सावकाराच्या घरातले कर्जरोखे हस्तगत करून जाळण्यावर त्या उठावाचा भर होता. जो कागद आपल्याला वाचता येत नाही आणि ज्यात आपले आयुष्य लिहिले गेले आहे, तो नाहीसा करणे हेच त्यांना सुचले. तुकोबांनी आपल्या वाट्याचे कर्जखतांचे कागद इंद्रायणीत बुडवले असे परंपरा सांगते. तेथे धनको स्वतः कागद बुडवतो आणि येथे ऋणको जाळतो, परंतु कागदाची सत्ता दोघांनीही ओळखली होती. महात्मा फुल्यांच्या 'शेतकऱ्याचा असूड' या १८८३च्या ग्रंथातही लेखणी हाती असलेला आणि नसलेला यांच्यातली ही दरी पुन्हा पुन्हा समोर येते.

दंग्यांनंतर १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा झाला. रोख्यावर काय लिहिले आहे एवढ्यावर न थांबता व्यवहाराचा आरंभापासूनचा इतिहास तपासण्याचा अधिकार त्याने न्यायालयांना दिला. ऋणकोला पावती आणि लेखी हिशेब मिळण्याची तरतूदही त्यात होती. त्याशिवाय मुंबई इलाख्यातील न्यायालये धर्मशास्त्रातून आलेला दामदुपटीचा नियम मानीत : एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलाहून अधिक होऊ नये. हा नियम थकलेल्या व्याजाविषयी होता. आजच्या गृहकर्जात व्याज दरमहा चुकते केले जाते, त्यामुळे तो येथे लागू पडत नाही, हे स्पष्ट केले पाहिजे. तरीही दामदुपट ही एक नैतिक रेषा होती आणि ती सामान्य माणसाला ठाऊक होती. वीस वर्षांच्या कर्जात आपण ती रेषा, हळूहळू का होईना, ओलांडतो आणि ओलांडल्याचे आपल्याला कळतही नाही.

यावर एक रास्त आक्षेप घेतला जाईल. वेगवेगळ्या वर्षांतले रुपये एकत्र मिळवून 'दुप्पट भरले' म्हणणे हेही अर्धवट वाचनच आहे. आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया यांचे मोल एक नव्हे. महागाई वर्षाला ५ टक्के धरली, तर हे सारे २४० हप्ते मिळून आजच्या रुपयांत सुमारे ६६ लाख रुपयांचे होतात. म्हणजे खरा बोजा ५४ लाखांचा नसून सोळा लाखांच्या आसपास आहे. शिवाय त्या वीस वर्षांचे घरभाडे वाचते, डोक्यावर हक्काचे छप्पर येते. हा आक्षेप आम्हांला मान्य आहे. कर्ज वाईट असते असे आमचे प्रतिपादन नाही. मात्र या आक्षेपानेही आमचाच मुद्दा दृढ होतो : कर्जाची किंमत काळाला सोबत घेतल्याखेरीज सांगताच येत नाही. आणि महागाईबरोबर ज्याचे वेतन वाढते त्यालाच ही सवलत मिळते. तासिका तत्त्वावर वर्षानुवर्षे शिकवणाऱ्या अध्यापकाचे मानधन महागाईबरोबर वाढत नसेल, तर त्याच्या दृष्टीने शेवटचा हप्ता पहिल्याइतकाच जड राहतो.

दर स्थिर राहील हेही गृहीतच होते. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. त्या वेळी अनेक कर्जदारांचा हप्ता होता तेवढाच राहिला आणि मुदत तेवढी वाढली. आमच्या उदाहरणातला दर आरंभीच ८.५ वरून ९.५ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर २४० हप्त्यांचे ३०९ होतात. एका टक्क्याने पावणेसहा वर्षे वाढली, आणि दरमहा खात्यातून जाणारा आकडा मात्र जसाच्या तसा. ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितले की, दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय कर्जदाराला दिला पाहिजे. पर्याय मिळाला, परंतु तो पर्याय आहे हे ओळखण्यासाठी पुन्हा वाचनच हवे. विम्याचा हप्ता पुष्कळदा कर्जातच मिळवला जातो, म्हणजे त्या हप्त्यावरही वीस वर्षे व्याज चालू राहते. ही ओळसुद्धा कागदावर असते. ती वाचली जात नाही इतकेच.

या सगळ्यापलीकडे एक किंमत अशी आहे की ती कोणत्याही तक्त्यात येत नाही. वीस वर्षांचा हप्ता म्हणजे वीस वर्षांचे वर्तनाचे वचन. नोकरी सोडून संशोधनाला वाहून घ्यावे, दूरच्या गावी जाऊन शिकवावे, संस्थाचालकांच्या एखाद्या निर्णयाला सभेत उभे राहून विरोध करावा, यांतल्या प्रत्येक विचाराला महिन्याच्या ठरलेल्या तारखेची परवानगी घ्यावी लागते. मराठी प्राध्यापकांच्या मौनाविषयी अधूनमधून खेदाने लिहिले जाते. त्या मौनाची कारणे विचारसरणीत शोधताना ती थोडी परतफेडीच्या वेळापत्रकातही शोधावीत, अशी आमची सूचना आहे. ३० वर्षांऐवजी १५ वर्षांचे कर्ज परवडत असेल, तर त्यात व्याजाहून मोठी एक गोष्ट वाचते. माणूस पंधरा वर्षे आधी मोकळा होतो.

उपाय काय? रोखे जाळण्याचे दिवस गेले, आणि त्याची आता गरजही नाही. रिझर्व्ह बँकेच्या एप्रिल २०२४च्या परिपत्रकानुसार, १ ऑक्टोबर २०२४पासून मंजूर होणाऱ्या नव्या किरकोळ मुदत कर्जांसाठी कर्जदाराला मुख्य तथ्यांचे विवरण द्यावे लागते. त्यात व्याज आणि शुल्क धरून येणारा वार्षिक दर आणि परतफेडीचे संपूर्ण वेळापत्रक असते, आणि ते कर्जदाराला समजेल अशा भाषेत असावे अशी अट आहे. १८७९च्या कायद्याने लेखी हिशेबाला जे स्थान दिले, त्याचाच हा पुढचा टप्पा म्हणता येईल.

'समजेल अशा भाषेत' हे शब्द आमच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचे आहेत. महाराष्ट्रात ती भाषा बहुतांशी मराठी असणार, आणि ते मराठी कोण घडवणार? आपल्या विद्यापीठांत व्यावहारिक मराठी शिकवले जाते. जाहिरात, वृत्तलेखन, अर्ज, इतिवृत्त हे सारे त्यात येते. त्यात २४० ओळींचे एक वेळापत्रकही यावे. विद्यार्थ्यांनी त्यातले ध्रुवपद बाजूला ठेवून शेजारचे दोन स्तंभ वाचावेत, त्याचा आशय दोनशे शब्दांच्या सरळ मराठीत लिहावा, आणि कोणता शब्द काय झाकतो ते सांगावे. व्याजोक्ती ओळखण्याचे शिक्षण आपण देतोच आहोत. ते कर्जाच्या कागदापर्यंत नेले, तर आजचा विद्यार्थी उद्या बँकेतल्या टेबलापाशी 'हप्ता किती बसतो?' एवढ्यावर थांबणार नाही. 'किती वर्षे, एकूण किती, आणि दर चढला तर काय?' हे प्रश्न तो सही करण्यापूर्वी विचारील.